फरीबा, बाबांनी कधीच नाही म्हटलं नव्हतं

फरीबा,

तुला मी कधी पत्र लिहिलं नाही. मेसेज लिहायचे, तेही 'ट्रेन लेट आहे, दहा मिनिटं उशीर' एवढेच. समोर आले की बाकीच्या मुलींसारखं 'कोच' म्हणायचे. आता मराठीत लिहायला बसले तर हात आपोआप 'तू' लिहून गेला. आमच्याकडे सख्ख्या मावशीला असंच म्हणतात, तेव्हा राहू दे.

हे आमच्या मराठी मंडळाच्या दिवाळी अंकात छापून येणार आहे. तुला वाचता आलं नसतंच. पण बाबांना वाचता येईल, म्हणून मराठीत लिहितेय.

मला तुला एक गोष्ट सांगायची होती. तीन वर्षं सांगायची होती. तू मला ज्या कारणासाठी जपलंस, ते कारणच खोटं होतं. तुझ्या टीममध्ये मी ज्या वडिलांपासून लपून खेळत होते, तसे माझे वडील नाहीतच.

पहिल्यापासून सांगते, म्हणजे मलाही नीट कळेल.

ऑकलंडच्या उत्तर टोकाला, अल्बनीच्या कॅम्पसवर ते माझं पहिलं वर्ष होतं. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेली मी पहिली. आई-बाबा दोघंही दहावीपर्यंत शिकलेले. दक्षिणेकडच्या आमच्या पापाटोएटोहून ट्रेन, मग सिटीतून बस, असं करत मी सकाळी पोचायचे आणि मंगळवारी लेक्चर आणि लॅबच्या मध्ये दोन तास मोकळे असायचे. कॅफेत बसलं की काहीतरी विकत घ्यावं लागतं, म्हणून मी स्पोर्ट्स हॉलच्या बाकावर बसायचे. तिथे ऊब असायची. तू हॉल पुसत असायचीस. प्रॅक्टिसच्या आधी जमीन तू स्वतः पुसायचीस, ते मला पुढे कळलं. तेव्हा मला वाटलं, तू सफाईला आहेस.

तिसऱ्या मंगळवारी तू मॉपवर हनुवटी टेकून विचारलंस, "तू इथे कुणाची वाट बघतेस, की कुणापासून लपतेस?"

"लॅबची वाट बघतेय," मी म्हणाले.

"लॅब पळून जाणार नाही. हा थांबव." आणि तू माझ्याकडे चेंडू सोडलास.

फुटसालचा, म्हणजे हॉलमध्ये पाच-पाच जणींनी खेळायच्या फुटबॉलचा, चेंडू मी पहिल्यांदाच बघत होते. फुटबॉलपेक्षा लहान, हाताला जड आणि उसळायला अजिबात तयार नाही. मी बुटाच्या कडेने अडवायला गेले आणि तो माझ्या बाकाखाली गेला.

"तळव्याने," तू म्हणालीस. "दाबू नकोस. मांजरीवर हात ठेवतेस ना, तसा पाय ठेव."

आमच्या घरी कधी मांजर नव्हतं. पण मला कळलं.

पुढच्या महिन्यात तू मला पाचांत उभं केलंस. माझी पहिली मॅच तुला आठवत असणारच, कारण तू ती गोष्ट हॉलमध्ये येईल त्याला सांगायचीस. समोरच्या मुलीकडून चेंडू काढून घेताना माझा पाय तिच्या पायाला लागला. मी लहानपणापासून जे करत आलेय तेच केलं. वाकले, तिच्या बुटाला हात लावला आणि तो हात छातीशी नेला. तेवढ्यात तिने चेंडू पुढे ढकलला आणि गोल केला.

गोलमध्ये आपली सिना होती. "ब्रो," ती म्हणाली, "तू तिच्या बुटाची लेस बांधलीस का?"

तू टाइमआउट घेतलास. मिळतो एक मिनिटाचा. त्या मिनिटात मी घाबरत घाबरत तुला सांगितलं, की कुणाला पाय लागला तर आमच्यात नमस्कार करतात, मी मुद्दाम नाही केलं, हात गेला. सगळ्या मुली हसत होत्या. तू हसली नाहीस.

"चांगली पद्धत आहे," तू म्हणालीस. "पण शिट्टी वाजल्यावर. सगळ्यांच्या पायांना एकदम कर."

आणि मॅच संपल्यावर तू खरंच मला त्या मुलीकडे घेऊन गेलीस. तिला समजावून सांगितलंस आणि मला नमस्कार करायला लावलंस. ती बिचारी लाल झाली आणि 'स्वीट ॲज, स्वीट ॲज', म्हणजे 'चालतंय, चालतंय', म्हणत मागे सरकत राहिली.

त्या संध्याकाळी तू आम्हा तिघींना बस स्टेशनवर सोडलंस. गाडी सुरू करताना आरशात बघून म्हणालीस, "माफ करा, माझी पाठ तुमच्याकडे आहे." तुमच्या देशात कुणाकडे पाठ करून बसणं वाईट समजतात, म्हणून गाडी चालवतानाही तू मागच्यांची माफी मागायचीस. मी धीर करून म्हणाले, "कोच, मग तुझंही तसंच आहे की."

"नाही. मी माफी मागते तेव्हा डोळे रस्त्यावर असतात. तुझे चेंडूवर नव्हते."

मला वाटतं, त्या दिवशी मला तू खूप आवडलीस. आणि त्यानंतर दोनच आठवड्यांत मी तुझ्याशी खोटं बोलले.

शनिवारी स्पर्धा होती. तू सगळ्यांना सांगितलंस, घरच्यांना आणा, जेवण मी करते. मला आमच्या प्रवेशाचा दिवस आठवला. बाबा पुकेकोहेला भाजीच्या पॅकहाउसमध्ये कामाला आहेत. त्या दिवशी ते शिफ्ट संपवून थेट कॅम्पसवर आले होते. अंगात पिवळं चमकणारं जॅकेट, पायात गमबूट, बाह्यांना कांद्याचा वास. त्यांनी मला प्रत्येक पाटीसमोर उभं करून फोटो काढले. लायब्ररीच्या, कॅफेच्या, अगदी पार्किंगच्या मशिनसमोरसुद्धा. "हसकी पोरी," असं मोठ्यांदा. दोन मुली आमच्याकडे बघून हसत गेल्या. कदाचित त्या दुसऱ्याच कशाला तरी हसल्या असतील. पण मी त्या दिवशी ठरवलं, की बाबांना पुन्हा इथे आणायचं नाही.

हे तुला कसं सांगणार? मी म्हणाले, "माझ्या बाबांना मुलींनी खेळलेलं चालत नाही."

इथे माझ्यासारख्या नावाच्या मुलीने हे वाक्य म्हटलं की कुणी पुढे काही विचारत नाही. सगळे मान हलवतात. मला ते माहीत होतं, म्हणूनच मी ते वापरलं. फक्त माझ्या ध्यानात आलं नाही, की मी ते कुणासमोर वापरतेय.

तू मान हलवली नाहीस. बाकीच्या मुली गेल्यावर माझ्याजवळ येऊन बसलीस आणि पहिल्यांदाच स्वतःबद्दल बोललीस. तुमच्या गल्लीत तू भावांबरोबर प्लॅस्टिकच्या चेंडूने खेळायचीस. तो वाऱ्याने उडतो, म्हणून एक चेंडू कापून दुसऱ्यावर चढवायचा, म्हणजे जड होतो. मग बायकांची फुटसालची टीम निघाली. गावाच्या टीममधून प्रांताच्या, तिथून देशाच्या निवड शिबिरात. हॉलमध्ये पुरुषांना बंदी, कॅमेऱ्याला बंदी. दारावर बसलेली बाई फोन काढून घ्यायची. तुझे वडील तुला दर मॅचला गाडीने सोडायचे आणि बाहेर गाडीतच थांबायचे, थर्मास घेऊन. आतला आवाज ऐकून अंदाज करायचे. घरी गेल्यावर तू त्यांना साखरेचे खडे मांडून दाखवायचीस, ही मी, ही त्यांची गोलकीपर, हा असा मारला. ते खडा उचलून विचारायचे, "डाव्या पायाने?"

"त्यांनी मला एकदाही खेळताना बघितलं नाही," तू म्हणालीस. "आणि माझा एक फोटो नाही. चौदा वर्षं खेळले आणि दाखवायला काही नाही. तू काळजी करू नकोस, स्नेहल-जान. तुझ्या वडिलांना माझ्याकडून काही कळणार नाही."

तेव्हा बोलायला हवं होतं. मी तेव्हाच बोलले असते तर तू ओरडली असतीस आणि विषय संपला असता. पण तू माझ्यासाठी इतकं काही काढून दिलं होतंस, की मला ते परत कसं करायचं तेच कळेना.

त्यानंतर तू मला सगळ्या फोटोंतून वगळलंस. कुणी फोन काढला की तू माझ्या हातात पाण्याच्या बाटल्या द्यायचीस, "स्नेहल, या भरून आण." स्पर्धा जिंकलो तेव्हाही मी नळाशी होते. ज्या बाईला स्वतःचा एक फोटो नसल्याचं दुःख होतं, ती मला जपण्यासाठी फोटोबाहेर ठेवत होती. तीन वर्षांत तुझा-माझा एकही फोटो नाही, फरीबा. गेल्या आठवड्यात मी सगळा फोन शोधला. एकात तुझा खांदा आहे.

आपलं भांडण मात्र चालू राहिलं. मॅचच्या आधी तू हळूच विचारायचीस, "बोललीस वडिलांशी?" मी म्हणायचे, "वेळ लागेल." एकदा तर तू म्हणालीस, "मी येते तुमच्या घरी. चहा पिते. गोड बोलते. मला येतं ते." मी घाईने विषय बदलला. कारण तू आली असतीस तर बाबांनी तुला जेवल्याशिवाय सोडलं नसतं, आणि वर विचारलं असतं, मॅच कधी आहे.

बाबांना खेळ आवडतो, हेही तुला माहीत नाही. साताऱ्याजवळच्या आमच्या गावात ते कबड्डी खेळायचे. अजून कुठल्याही टीव्हीवर कुठलाही खेळ लागला की ते दुकानात उभे राहतात आणि आई पुढे निघून जाते.

दुसऱ्या वर्षी तू माझं नाव ऑकलंडच्या टीमच्या निवड चाचणीला दिलंस. चाचणी दुसऱ्या शहरात, हॅमिल्टनला होती आणि तिथे दोन रात्री राहायचं होतं. घरी खरं सांगितल्याशिवाय जाता येणार नव्हतं आणि सांगितलं असतं तर बाबा डबा घेऊन मागोमाग आले असते. मी तुला म्हणाले, "बाबा सोडणार नाहीत."

तू इतकी चिडलेली मी कधी बघितली नव्हती. मला चाचणी देता यावी म्हणून तू फोनवर लोकांशी भांडली होतीस, ते मला सिनाने नंतर सांगितलं.

"तुझ्या वडिलांपेक्षा तूच जास्त घाबरतेस," तू म्हणालीस. "इथे दार उघडं आहे. कुणी फोन काढून घेत नाही. माझे वडील या दारातून एकदा आत यायला मिळावं म्हणून काहीही द्यायला तयार झाले असते. आणि तू विचारतसुद्धा नाहीस."

तू चुकून अगदी बरोबर बोललीस. मी विचारतसुद्धा नव्हते.

मी रडले. तुला वाटलं वडिलांच्या धाकाने रडते. तू लगेच विरघळलीस, खिशातून पिस्ते काढून माझ्या हातात ठेवलेस आणि म्हणालीस, "बरं बरं. पुढच्या वर्षी." स्वतः मात्र तू थांबणारी नव्हतीस. इथे आलीस तेव्हा तुझं तिकडचं प्रशिक्षकाचं सर्टिफिकेट कुणी मानलं नाही. तुला पहिल्या पायरीचा कोर्स पुन्हा करावा लागला आणि एकोणीस वर्षांच्या मुलाने तुला पास कसा द्यायचा ते शिकवलं. "छान शिकवलं त्याने," तू म्हणायचीस. "मी वहीत लिहून घेतलं." पंचेचाळिशीत तू बाहेरच्या मैदानावर क्लबकडून खेळत होतीस, पावसात, गुडघ्याला पट्टा बांधून, आणि वर म्हणायचीस की गवत मेंढ्यांसाठी असतं, माणसांनी लाकडी जमिनीवर खेळावं.

या हिवाळ्यात तुझं दुखणं कळलं आणि आठ आठवड्यांत सगळं संपलं. मी हॉस्पिटलमध्ये तुला भेटायला आले तेव्हा ठरवून आले होते. ट्रेनमध्ये इंग्रजीत वाक्यं जुळवली होती. निघताना बाबांनी विचारलं, कुठे चाललीस. युनिव्हर्सिटीतल्या एक मॅडम आजारी आहेत, म्हटलं. ते परसात गेले आणि प्लॅस्टिकच्या मांडवाखाली लावलेल्या त्यांच्या पहिल्या काकड्या पिशवीत घालून दिल्या. "रिकाम्या हाताने जाऊ नये."

तुला काकड्या बघून किती आनंद झाला. तुमच्याकडे काकडी फळात धरतात, पाहुण्यांना देतात. तू नर्सकडून मीठ मागवलंस. मी सोलून फोडी केल्या, तू दोनच खाल्ल्यास.

"कुठून आणल्यास?"

"बाबांनी लावल्यात." निघून गेलं तोंडातून.

तू फोड हातात धरून माझ्याकडे बघितलंस. "त्यांना मी माहीत आहे?"

"युनिव्हर्सिटीतल्या मॅडम म्हणून."

"मॅडम," तू म्हणालीस आणि हसलीस, आणि मग खोकला आला. मी पाणी दिलं. जुळवलेली वाक्यं सगळी आठवत होती मला. पहिलं होतं, 'कोच, मी तुझ्याशी एक गोष्ट खोटी बोलले.' तेवढ्यात तू डोळे मिटून म्हणालीस, "त्यांना सांग, मी त्यांच्यावर रागावलेली नाही. वडील घाबरतात. माझेही घाबरायचे."

मी 'सांगते' म्हणाले. उरलेल्या फोडी झाकून ठेवल्या आणि निघाले.

तू गेल्यावर सातव्या दिवशी तुझ्या बहिणीने, नसरीनने, कम्युनिटी हॉलमध्ये सगळ्यांना बोलावलं होतं. मी एकटी जाणार होते. बाबांनी पांढरा शर्ट इस्त्रीला काढला.

"तुम्ही कशाला, बाबा?"

"शिकवणारी बाई गेली, आणि घरचं माणूस जायचं नाही?"

मी शर्टाला इस्त्री करून दिली. खरं तर मी इतकी थकले होते, की म्हटलं, होऊ दे काय व्हायचं ते.

हॉलमध्ये खजूर होते, शिरा असतो तसा हलवा होता, चहा होता. भिंतीवर तुझे इथले फोटो लावले होते. बाबा हात मागे बांधून एकेका फोटोसमोर थांबत होते. तुझ्या हातात शिट्टी, तुझ्या गळ्यात मेडल, तुझ्याभोवती आम्ही सगळ्या, म्हणजे माझ्याशिवाय सगळ्या. "या मॅडम खेळाच्या होत्या का गं?" त्यांनी विचारलं. मी मान हलवली.

तेवढ्यात नसरीन आली. मी ओळख करून दिली, हे माझे वडील. तिने बाबांचा हात दोन्ही हातांत घेतला. "तुम्ही आलात," ती म्हणाली. "माझी बहीण नेहमी सांगायची, एक दिवस ते येतील. तुम्ही रागवाल म्हणून तिने स्नेहलला एकाही फोटोत येऊ दिलं नाही. तुम्हाला मुलीचं खेळणं पसंत नाही, तरी आलात. थँक यू."

बाबांचं इंग्रजी कामापुरतं आहे. पण ती सावकाश बोलत होती. त्यांनी भिंतीकडे बघितलं. मग माझ्याकडे बघितलं. मी जमिनीकडे बघत होते. मला वाटलं आता ते विचारणार, कोण म्हणालं असं?

बाबा म्हणाले, "यस, सिस्टर. माय मिस्टेक. बिफोर, आय नॉट अंडरस्टँड. सॉरी."

आणि मग थोडं थांबून, "शी इज गुड प्लेअर?"

"व्हेरी गुड," नसरीन म्हणाली आणि रडायला लागली. बाबांनी तिच्या पाठीवर हात ठेवला. जो गुन्हा त्यांनी केला नव्हता, तो त्यांनी माझ्यासाठी तुझ्या माणसांसमोर कबूल केला, फरीबा. दोन-चार मोडक्या शब्दांत. मला तीन वर्षांत माझाच करता आला नाही.

परत येताना हार्बर ब्रिज संपल्यावर बाबांनी विचारलं.

"किती वर्षं?"

"तीन."

"माझी लाज वाटली का?"

मी हो म्हणाले. दुसरं काही म्हणणं आता शक्यच नव्हतं. प्रवेशाचा दिवस, जॅकेट, पाट्या, त्या दोन मुली, सगळं सांगितलं. ते ऐकत होते. इंडिकेटर लावला, लेन बदलली.

"मॅच कधी असतात?"

"शनिवारी."

"शनिवारी मला सुट्टीच असते," बाबा म्हणाले. एवढंच. घरी येईपर्यंत मी रडत होते आणि त्यांनी मला रडू दिलं.

तर फरीबा, बाबांनी कधीच नाही म्हटलं नव्हतं. तू ज्यांना माफ करून गेलीस त्यांनी काही केलं नव्हतं. माफी मला मागायची होती, ती आता मागतेय, उशिरा आणि तुला न कळणाऱ्या भाषेत. दर शनिवारी तुम्ही दोघं एका हॉलमध्ये असू शकला असतात. तुला तुझ्या वडिलांच्या बाबतीत जे कधी मिळालं नाही, ते माझ्या वडिलांच्या रूपाने निदान बघायला तरी मिळालं असतं. ते मी अडवलं. याचं काय करायचं ते मला अजून कळलेलं नाही.

काल शनिवार होता. बाबा अर्धा तास आधीच येऊन बसले, आईलाही घेऊन आले. फुटसालचे नियम त्यांना माहीत नाहीत, त्यामुळे चुकीच्या वेळी टाळ्या वाजत होत्या. "धर तिला, धर," असं ते कबड्डीतलं ओरडत होते. सिनाने मला विचारलं, तुझे बाबा काय म्हणतात? मी म्हणाले, समोरच्या मुलीला धरायला सांगतायत. "लेजेंड," ती म्हणाली. आम्ही हरलो. माझा एक गोल झाला, डाव्या पायाने.

मध्यंतरात बाबा खाली उतरून आले. पाणी दिलं. इकडेतिकडे बघितलं आणि हळू आवाजात विचारलं, "त्या मॅडम कुठे उभ्या राहायच्या?"

मी दाखवलं. बदली खेळाडूंच्या बाकाच्या पुढे, रेषेच्या अगदी कडेला.

मध्यंतरानंतर बघितलं तर बाबा तिथे होते. नेमक्या त्या जागेवर नाही. ती जागा सोडून, तिच्या शेजारी.

तुझी,
स्नेहल